उभं की आडवं?

मिक्सर चालता चालता मध्येच बंद पडला, तर आपण काय करतो? भांडं उतरवतो, मिक्सर गार होऊ देतो आणि उलटा करून खालचं लाल बटण दाबतो. गॅसची ज्योत पिवळी दिसायला लागली, तर बर्नर काढून त्याची भोकं टाचणीने साफ करतो. कुकरची शिट्टी होत नसली, तर आधी रिंग बघतो, मग शिट्टीत काही अडकलंय का ते बघतो, मग पाणी किती घातलं होतं ते आठवतो. हे सगळं आपल्याला कुणी शाळेत शिकवलेलं नसतं. शंभरदा हाताखालून गेलेलं असतं, म्हणून येतं. शेजारीण विचारायला आली, तर तिलाही आपण अगदी इंजिनियरच्या थाटात सांगतो.

अशा आपण हुशार बायका! पण हातातला टॅब जरासा अडला, की तो मुलाच्या नाहीतर ह्यांच्या हातात देऊन मोकळ्या. "बघ रे बाबा, याला काय झालंय. मला नाही त्यातलं कळत." खरं सांगा, तुमच्याही घरी असंच होतं ना?

त्याला कारणंही आहेत म्हणा. टॅबला झाकण नाही, नळी नाही, जळका वास नाही की घरघर नाही. बिघाड कुठे आहे ते डोळ्यांना दिसत नाही. शिवाय महागाची वस्तू. भलतंच काही दाबलं गेलं आणि पार बंदच पडला तर, ही धास्ती. आणि घरातली मुलं तर डोळ्याचं पातं लवायच्या आत चार ठिकाणी बोट लावतात आणि "झालं, घे" म्हणून निघूनही जातात. त्यांनी काय केलं ते आपलं बघायचं राहूनच जातं. पुढच्या खेपेला पुन्हा तेच.

म्हणून आज मी एकच, अगदी लहानशी तक्रार घेऊन बसले आहे. टॅब फिरवला तरी त्यातलं चित्र फिरत नाही, किंवा नको तेव्हा गर्रकन फिरतं. "एवढंच ना?" असं म्हणू नका बरं का. आमच्या घरी या एवढ्याशा गोष्टीने एका माणसाचं वाचन बंद पडलं होतं.

माझ्या सासूबाई, म्हणजे आई, अट्टल वाचणाऱ्या. लायब्ररीचं पुस्तक घरात आलं की आधी त्यांच्या हातात जायचं, हा आमच्याकडचा अलिखित नियम. आता त्यांची पंचाहत्तरी उलटली आहे. २०२२ साली एका डोळ्याचा मोतिबिंदू काढला. पण दुसऱ्या डोळ्याचा पडदा अधू आहे, तो सुधारण्यासारखा नाही, असं डॉक्टरांनी स्पष्टच सांगितलं. वर्तमानपत्राचा बारीक टाईप दिसेना. पोथीसुद्धा भिंग धरून एकेक ओळ वाचायची, की दहा मिनिटांत डोळ्यांना पाणी. तेव्हा माझ्या दिरांनी त्यांना दहा इंची टॅब आणून दिला.

पहिले पंधरा दिवस आईंनी त्याला हातही लावला नाही. मग हळूहळू जमत गेलं, आणि एक दिवस त्यांना स्वतःलाच एक युक्ती सापडली. टॅब उभा धरला की पान बारीक दिसतं. आडवा धरला की तेच पान रुंदीभर पसरतं आणि अक्षर मोठं होतं. मी पट्टीने मोजून पाहिलं. आमच्या टॅबची काच साडेतेरा सेंटिमीटर रुंद आणि साडेएकवीस सेंटिमीटर उंच आहे. म्हणजे आडवा केला की अक्षर दीडपटीहून मोठं! तुम्ही म्हणाल, दोन बोटांनी ताणून अक्षर मोठं करता येतंच की. येतं, पण मग ओळ काचेबाहेर जाते. प्रत्येक ओळीला पान डावीकडे-उजवीकडे सरकवत बसावं लागतं आणि वाचणाऱ्याचा सगळा रस त्यातच जातो. आडव्या टॅबवर ओळ अख्खी दिसते, फक्त पान वर सरकवायचं. सकाळी वर्तमानपत्र, दुपारी एखादा दिवाळी अंक, संध्याकाळी पोथी, असा आईंचा दिवस पुन्हा भरला.

आणि मग गेल्या चैत्रात एका दुपारी मी शाळेतून आले, तर आई खिडकीशी बसून भिंगातून पोथी वाचत होत्या.

"आई, टॅब कुठाय?"

"ठेवलाय कपाटात. बिघडलाय तो. आडवा केला तरी आतलं उभंच राहतं."

"मग सांगायचं नाही का?"

"अगं, तुमच्यामागे काय कमी कामं आहेत? सांगितलंय मी त्याला. रविवारी बघतो म्हणालाय. आणि राहिलं तर राहिलं. आता या वयात किती वाचायचं?"

हे शेवटचं वाक्य मला फार लागलं. दोन-चार दिवसांत त्यांनी मनाशी ठरवूनही टाकलं होतं, की संपलं आपलं वाचन. म्हातारी माणसं तक्रार करत नाहीत, तेव्हा आपल्याला वाटतं सगळं ठीक चाललंय. वस्तू गुपचूप कपाटात जाते आणि तिच्याबरोबर दिवसातले दोन-तीन सुखाचे तासही जातात.

रविवारी हे टॅब घेऊन बाजारात गेले. दुकानदाराने दोनदा इकडे-तिकडे फिरवून पाहिला आणि सांगितलं, "आतला सेन्सर गेलाय, बोर्ड बघावा लागेल. आठ दिवस ठेवून जा. दीड-दोन हजार धरून चाला." टॅबमध्ये सगळ्या नातवंडांचे फोटो, म्हणून ह्यांनी तो ठेवला नाही, परत आणला. सोमवारी शाळेत माझा एकच तास होता. दुपारची झाकपाक करून मी टॅब घेऊन बसले, आणि कुकरची तक्रार जशी एकेक करून तपासतो, तशीच ही तपासली. दुसऱ्याच पायरीला उत्तर मिळालं. आमच्या पाचवीतल्या चिरंजीवांनी रात्री अंथरुणात लोळत कार्टून बघताना चित्र फिरू नये म्हणून कुलूप लावलं होतं, ते काढायचं राहिलं होतं. एका बोटाचं काम! ना सेन्सर गेला होता, ना बोर्ड.

त्या पायऱ्या आता तुम्हाला सांगते. पण त्याआधी चित्र फिरतं कसं, ते थोडंसं समजून घेऊ. कारण एकदा कळलं की पायऱ्या पाठ कराव्या लागत नाहीत.

गवंडी भिंत सरळ उभी आहे का ते बघायला दोरीला वजन बांधून सोडतो, तो ओळंबा तुम्ही पाहिला असेल. भिंत तिरकी असो की सरळ, ओळंबा जमिनीकडेच बघतो. टॅबच्या पोटात असाच एक ओळंबा असतो. त्याचं नाव ॲक्सेलरोमीटर. मुगाच्या दाण्याहून लहान अशी ती चिप असते, आणि तिच्या आत सिलिकॉनचं इवलंसं वजन केसाहून बारीक स्प्रिंगांवर टांगलेलं असतं. टॅब ज्या बाजूला कलेल, त्या बाजूला पृथ्वीच्या ओढीने ते वजन किंचित सरकतं. एकमेकांत गुंतलेल्या दोन कंगव्यांच्या दातांसारखी तिथे रचना असते. वजन सरकलं की दातांमधलं अंतर बदलतं, त्याबरोबर तिथल्या विजेच्या साठ्यात फरक पडतो, आणि त्या फरकावरून टॅबला कळतं की खाली कुठे आहे. मग तो चित्राचे पाय त्या बाजूला करतो. बस्स, एवढंच.

या ओळंब्याच्या दोन खोडी आहेत. पहिली अशी, की टॅब टेबलावर किंवा ओट्यावर सपाट ठेवला, की पृथ्वीची ओढ सरळ काचेतून पाठीकडे जाते. चारी कडा सारख्याच पातळीवर! मग वर कुठली आणि खाली कुठली हे त्याला सांगता येत नाही, म्हणून तो आधी जसं होतं तसंच चित्र ठेवतो. पाककृती बघताना ओट्यावर ठेवलेला टॅब आपण भाकरीसारखा गरगर फिरवतो आणि म्हणतो, मेलं हे फिरतच नाही. नाहीच फिरणार! दुसरी खोड अशी, की त्याला जमीन कुठे आहे ते कळतं, आपले डोळे कुठे आहेत ते कळत नाही. आपण कुशीवर आडवं होऊन वाचायला लागलो, की टॅबला वाटतं बाईंनी मला आडवं केलं, आणि तो चित्र फिरवून मोकळा. आपल्या डोळ्यांना ते तिरपंच दिसतं. बिघाड कशातच नसतो.

आता पायऱ्या.

पहिली पायरी: टॅब टेबलावरून उचला. आरशात तोंड बघतो तसा समोर सरळ उभा धरा, मग सावकाश आडवा करा आणि एक-दोन सेकंद थांबा. चित्र फिरलं तर प्रश्न मिटला. आता हवं तर अलगद ओट्यावर ठेवा.

दुसरी पायरी: कुलूप बघा. अँड्रॉइडचा टॅब असेल, म्हणजे आपल्याकडच्या बहुतेक कंपन्यांचा, तर काचेच्या वरच्या कडेवरून बोट खाली ओढा. छोट्या खुणांची एक पट्टी खाली येते. पुन्हा एकदा ओढलं की ती पूर्ण उघडते. त्यात वाय-फाय, आवाज, विमान यांच्या शेजारी एक फिरत्या बाणाची खूण असते, तिचं नाव 'ऑटो रोटेट'. ती उजळलेली असली की चित्र आपोआप फिरतं. विझलेली असली की कुलूप लागलेलं आहे. तिला एकदा बोट लावायचं. इथे एक फसगत सांगून ठेवते. सॅमसंगच्या टॅबवर कुलूप लागलं की त्या खुणेचं नावच बदलतं आणि 'ऑटो रोटेट'च्या जागी 'पोर्ट्रेट' किंवा 'लँडस्केप' असं दिसतं. पोर्ट्रेट म्हणजे उभं, लँडस्केप म्हणजे आडवं. आपण जुनं नाव शोधत बसतो आणि ते काही सापडत नाही. तेव्हा नाव न शोधता फिरत्या बाणाची खूण शोधा. पट्टीत ती दिसलीच नाही, तर सेटिंगमध्ये 'डिस्प्ले' असं लिहिलेलं असतं, त्यात बघा.

कुलूप असतानाही अधूनमधून चित्र फिरवायचं असेल, तर त्याचीही सोय आहे. २०१८ साली अँड्रॉइडची नववी आवृत्ती आली, तेव्हापासून कुलूप लावलेला टॅब फिरवला की काचेच्या तळाशी कोपऱ्यात एक लहानशी फिरण्याची खूण क्षणभर उमटते. तिला बोट लावलं की चित्र तेवढ्यापुरतं फिरतं आणि तसंच राहतं. ही खूण फारच कमी जणींना ठाऊक असते, आणि मला तर सगळ्यांत सोयीची तीच वाटते. ती थोडाच वेळ दिसते, म्हणून टॅब फिरवल्याबरोबर तळाकडे लक्ष ठेवायचं.

आयपॅड असेल, तर वरच्या उजव्या कोपऱ्यातून बोट खाली ओढा. तिथे गोल बाणाच्या आत कुलपाचंच चित्र असतं, त्यामुळे ओळखायला सोपं. कुणाच्या भावाने किंवा मुलाने परदेशातून पाठवलेला जुना आयपॅड असेल, तर त्याच्या कडेला आवाजाच्या बटणाजवळ एक सरकतं बटण असतं. त्याची गंमतच आहे. एप्रिल २०१० मध्ये पहिला आयपॅड विक्रीला आला, तेव्हा ते बटण चित्राला कुलूप लावायचं. त्याच वर्षी नोव्हेंबरात कंपनीने ठरवलं, की आता ते आवाज बंद करेल. लोक वैतागले. मग मार्च २०११ मध्ये सांगितलं, की बाबांनो, तुम्हीच सेटिंगमध्ये ठरवा त्याने काय करायचं ते! आणि २०१४ च्या आयपॅड एअर २ पासून ते बटणच काढून टाकलं. एवढ्या मोठमोठ्या इंजिनियर मंडळींना एका बटणाचं काम ठरवता आलं नाही, तर आपण गोंधळलो यात लाजायचं काय? जुन्या आयपॅडवर मात्र कोपऱ्यातल्या खुणांत कुलूप सापडलं नाही, तर कडेचं ते बटण सरकवून बघा.

तिसरी पायरी: एकच ॲप अडलंय की सगळा टॅब? काही ॲप फोनसाठी म्हणून उभीच बेतलेली असतात. टॅब कितीही फिरवा, ती आपली उभीच. म्हणून परीक्षा घ्यायची ती एखाद्या फोटोवर किंवा क्रोमवर. फोटो फिरला, तर टॅब ठणठणीत आहे. दोष त्या ॲपच्या शिवणीत आहे आणि तो आपल्या हातात नाही. काही टॅबवर पहिलं पान, म्हणजे सगळ्या ॲपच्या खुणा मांडलेलं ते पान, फिरत नाही आणि बाकी सगळं फिरतं. त्या पानावर मोकळ्या जागी बोट दाबून धरलं की त्याची वेगळी सेटिंग उघडते, तिथे फिरण्याची परवानगी द्यावी लागते.

चौथी पायरी: बंद करून चालू करा. हसू नका, अर्ध्या तक्रारी इथे मिटतात. पण काच मालवणं म्हणजे बंद करणं नव्हे. कडेचं बटण एकदा दाबलं की टॅब नुसता डुलकी घेतो. बटण दाबून धरायचं, म्हणजे 'रीस्टार्ट' असा शब्द येतो. काही टॅबवर त्याबरोबर आवाज वाढवायचं बटणही दाबून धरावं लागतं. महिना-महिना टॅब नीट बंदच झालेला नसतो. त्यालाही कधीतरी पुरती झोप हवी!

पाचवी पायरी: पथ्य. पोट बिघडलं की आपण काय करतो? एक दिवस नुसती पेज, मग एकेक पदार्थ वाढवत बघायचं की बाधलं काय. टॅबलाही असं पथ्यावर ठेवता येतं. बहुतेक अँड्रॉइड टॅबवर बटण दाबून धरल्यावर 'पॉवर ऑफ' असं येतं, त्या शब्दावरच बोट दाबून धरलं की 'सेफ मोड' विचारतो. होय म्हणायचं. आता आपण वरून घातलेली सगळी ॲप झोपलेली असतात आणि कंपनीची तेवढी जागी. या अवस्थेत चित्र फिरलं, तर बाधलेला पदार्थ म्हणजे एखादं ॲपच. टॅब रीस्टार्ट केला की पथ्य सुटतं. मग अलीकडे घातलेली ॲप एकेक करून काढून बघायची. मुलांनी घातलेले खेळ पहिल्यांदा!

सहावी पायरी: ओळंबा जिवंत आहे का? गवंड्याकडे पाण्याच्या बाटलीसारखी लेव्हल असते, तिच्यातला बुडबुडा हलतो, ती तुम्ही पाहिली असेल. तशीच बुडबुडा दाखवणारी फुकट ॲप मिळतात. ते उघडून टॅब कलता करा. बुडबुडा हलला, तर सेन्सर ठीक आहे आणि दोष सेटिंगमध्येच आहे. एवढी सगळी खटपट करूनही बुडबुडा जागचा हलला नाही, विशेषतः टॅब हातातून पडलेला असेल, तर मात्र दुकानात न्यायला हरकत नाही. पण जाताना काय काय करून पाहिलं ते सांगायचं. "बुडबुड्याचं ॲप लावून बघितलं, हलत नाही," असं गिऱ्हाईक म्हणालं, की समोरच्याचा सूरही बदलतो. सगळेच दुकानदार काही वाईट नसतात. पण "बिघडलाय हो, बघा काय ते," असं म्हणून वस्तू पुढे केली, की दुरुस्ती मोठी व्हायचाच संभव जास्त. आणखी एक. 'फॅक्टरी रीसेट' असा शब्द कुणी काढला, तर आधी फोटो दुसरीकडे उतरवून घ्या. त्याने टॅब अगदी कोरा होतो, चित्रं, नंबर, सगळं जातं.

आता कुशीवर झोपून वाचणाऱ्यांसाठी. इथे कुलूप हे आपलं मित्रच. टॅब आधी हवा तसा उभा किंवा आडवा धरा, चित्र फिरू द्या, मग 'ऑटो रोटेट' बंद करा. आता कितीही लोळा, चित्र हलायचं नाही. आयफोनवर मात्र हे कुलूप उभ्यालाच लागतं, आडव्याला नाही. गूगलने २०२१ साली अँड्रॉइडच्या बाराव्या आवृत्तीत एक नवी युक्ती काढली. पिक्सेल फोनचा पुढचा कॅमेरा चेहरा कुठल्या बाजूला आहे ते बघतो आणि चित्र त्याप्रमाणे ठेवतो. म्हणजे ओळंब्याला शेवटी डोळे आले! पण आपल्या घरातल्या टॅबला बोटानेच कुलूप लावावं लागतं, आणि सकाळी उठल्यावर आठवणीने काढावं लागतं.

शाळेतला एक अनुभव सांगते, तोही या ओळंब्याचाच. मार्च २०२० मध्ये शाळा बंद झाल्या आणि वह्या आमच्याकडे फोटोतून यायला लागल्या. पन्नास वह्यांतल्या निम्म्या आडव्या नाहीतर उलट्या. मान वाकडी करून करून शुद्धलेखन तपासायचं. पालकांना वाटे, आम्ही तर वही सरळ ठेवून फोटो काढला. खरंच काढला होता त्यांनी! पण जमिनीवर ठेवलेल्या वहीचा फोटो काढताना फोन जमिनीला समांतर होतो, आणि तिथे ओळंब्याची पहिली खोड आड येते. वर कुठलं ते फोनला कळत नाही, तो आधीचीच समजूत धरून फोटोवर शिक्का मारतो. उपाय सोपा आहे. आधी फोन समोर सरळ उभा धरा, कॅमेऱ्याच्या काचेवरच्या खुणा सरळ झाल्या की तसाच सावकाश वहीवर वाकवा आणि मग फोटो काढा. वर्गाच्या ग्रुपवर मी हे चार ओळींत लिहून टाकलं, तेव्हा कुठे माझी मान सरळ झाली. रेशन कार्ड, गुणपत्रिका, बँकेचं पासबुक यांचे फोटो आता आपल्याला सारखे कुठे ना कुठे पाठवावे लागतात, तिथेही हीच रीत. व्हिडिओचंही तसंच. स्नेहसंमेलनात लेकीचा नाच घेताना फोन सुरुवातीलाच आडवा धरा आणि मग लाल बटण दाबा. एकदा चालू केल्यावर मध्येच फिरवला, तर उरलेला नाच सगळ्यांना मान मोडूनच बघावा लागतो.

आईंचं म्हणाल, तर मी त्यांना टॅब नुसता नीट करून दिला नाही. शेजारी बसले आणि त्यांच्याच बोटाने पट्टी खाली ओढायला लावली, एकदा, दोनदा, पाचदा. त्यांची बोटं कोरडी पडलेली, काच कधी कधी दाद देत नाही. किंचित ओल्या रुमालावर बोट टेकवून पुसलं की चालतं, हेही त्यातच कळलं. फिरत्या बाणाचं मोठं चित्र काढून मी टॅबच्या कव्हरच्या आतल्या बाजूला चिकटवलं. आता रात्री चिरंजीवांच्या हातात टॅब जातो तेव्हा त्या स्वतः कुलूप लावून देतात, आणि सकाळी काढून घेतात. शेजारच्या काकूंचा टॅब अडला, तेव्हा त्या मला हाक न मारता स्वतःच काठी टेकत गेल्या होत्या.

तुमच्याही घरात अशी एखादी वस्तू कपाटात जाऊन बसलेली असेल, तर आज दुपारी ती बाहेर काढा. सहा पायऱ्या करायला अर्धा तास पुरतो. या अंकाचं हे पान कापून ठेवलंत तरी चालेल. आणि पायऱ्या करूनही अडलं, तर मुलांना जरूर विचारा, त्यात कमीपणा नाही. मात्र टॅब त्यांच्या हातात देऊ नका. म्हणा, "तू शेजारी बस आणि नुसतं तोंडाने सांग. बोट मी लावणार."